शिवणीच्या आत दोन बोटं

"बाई, जरा बाहेर थांबा. मशीन सुरू करतोय," गजाकाका म्हणाले आणि त्यांनी माझ्या तोंडावर दार लोटलं.

मी व्हरांड्यात उभी राहिले. कॉम्प्युटर सुरू करायला माणसांना बाहेर काढावं लागतं, हे मी अकरा वर्षं शाळेत कॉम्प्युटर शिकवून पहिल्यांदाच ऐकत होते. आतून एक लांब शिट्टी ऐकू आली, मग की-बोर्डावर सावकाश आठ-दहा टकटक, आणि मग काकांचा खाकरा. "या आता," ते म्हणाले. मी आत गेले तेव्हा ते शांतपणे चष्मा पुसत होते. इथे कुठेतरी पाणी मुरतंय, हे मी त्याच क्षणी मनाशी नक्की केलं.

ही दोन हजार चौदाच्या नोव्हेंबरातली गोष्ट. कराडात आमच्या शिंपी समाजाच्या कार्यालयामागे एक खोली आहे, तिथे वधू-वर सूचक मंडळ चालतं. मंडळाचा कॉम्प्युटर जुना, त्यातली सिस्टीम त्याहून जुनी. त्या वर्षी कंपनीने त्या सिस्टीमबाबत हात वर केले होते, म्हणजे यापुढे तिची दुरुस्ती नाही, तिला काही झालं तर तुमचं तुम्ही बघा. अध्यक्ष माळवदे यांच्या मनात होतं की नवीन सिस्टीम घालावी, इंटरनेट घ्यावं, पुण्याच्या एकाकडून नवा प्रोग्रॅम करून घ्यावा आणि स्थळांची यादी सगळीकडे दिसावी. त्याला विरोध एकट्या गजाकाका बोत्र्यांचा. ते मंडळाचं काम सोळा वर्षं फुकट पाहत होते. त्याआधी चाळीस वर्षं त्यांनी शिलाई मशीन चालवली होती, आणि कॉम्प्युटरलाही ते मशीनच म्हणत.

माळवद्यांनी मला दुकानात बोलावून घेतलं. कापडाचे तागे उलगडता उलगडता ते म्हणाले की रविवारी कमिटीची बैठक आहे, तोवर मशीन बघा आणि सिस्टीम बदलायची की नाही ते सांगा, तुम्ही सांगाल ते कमिटी ऐकेल. मग जरा थांबून त्यांनी पुढचंही सांगून टाकलं.

"शिवाय तुमचं नाव आता यादीत नाही. म्हणजे तुमचा त्यात काही हेतू नाही."

ते वाईट मनाने बोलले नव्हते. मंडळाचा नियमच तसा होता. मुलीला पस्तीस पूर्ण झाली आणि मुलाला पंचेचाळीस, की नाव आपोआप यादीतून बाद. मला पस्तीस पूर्ण होऊन पावणेदोन वर्षं झाली होती. नाव गेलं त्या दिवशी मी सुटले असं म्हणाले होते, आणि बहुतेक खरंच सुटले होते. अधूनमधून एखादं स्थळ तरीही दारात येई. आई म्हणे, कुणा नातेवाइकाने सुचवलं असेल. मी त्यावर कधी विचार केला नाही.

मी स्वभावानेच संशयी आहे. वर्गात खडू किती उरले ते मी मोजून ठेवते. आमच्या घरात हा गुण कुठून आला कोण जाणे, कारण माझे वडील पोस्टात होते आणि त्यांच्याइतका शांत माणूस मी पाहिला नाही. त्यांनी कधी आवाज चढवला नाही, कधी कुणाला दुखावलं नाही. त्यांचा मला फार अभिमान होता.

तर काकांवर मी पाळत ठेवली. शाळा सुटली की मी तिथे जाऊन बसे आणि एका वहीत टिपणं करी. पहिलं टिपण शिट्टीचं. त्याचा उलगडा मला लगेच झाला. कॉम्प्युटरच्या पोटात एक बटणाएवढा सेल असतो, वीज नसतानाही तो तारीख-वेळ सांभाळतो. तो संपला की यंत्र रोज सकाळी शिट्टी वाजवून तारीख विचारतं आणि ती हाताने भरावी लागते. मी काकांना म्हटलं, तुमचा सेल गेलाय, मी उद्या नवीन आणून बसवते, पाच मिनिटांचं काम आहे.

"कशाला? चालतंय की," काका म्हणाले.

मी म्हटलं, रोज तारीख भरायची कटकट तरी वाचेल. तर म्हणाले, माणसाला रोज सकाळी तारीख आठवलेली बरी. हे उत्तर मी वहीत शब्दशः उतरवून घेतलं. फुकट मिळणारी सोय जो माणूस नाकारतो, त्याच्याकडे दुसऱ्यांदा बघावं, असं माझं मत होतं.

दुसरं टिपण पडद्याच्या कोपऱ्याचं. उजवीकडे खाली, जिथे घड्याळ दिसतं, तिथे काकांनी कॅनव्हासची चिंधी चिकटवली होती. कॉलरच्या आत घालतात ती. विचारलं तर म्हणाले, उजेड डोळ्यांना लागतो. सगळा पडदा उघडा, आणि उजेड लागतो तो नखाएवढ्या कोपऱ्याचा. तिसरं टिपण असं की मंडळाच्या पत्रांवर तारीख कधी छापलेली नसे. काका पत्र छापून घेत आणि मग रबरी शिक्क्याने वर तारीख उठवत. कॉम्प्युटर समोर असताना शिक्का कशाला, तर म्हणे सवय. म्हातारा ताकास तूर लागू देत नव्हता.

मग शुक्रवारी मसूरहून पोरे आडनावाचे एक गृहस्थ आले. साधा, उन्हाने रापलेला माणूस, पण त्या दिवशी चिडलेला होता. मुलगा बावीस वर्षांचा, कारखान्यात चिकटलेला, म्हाताऱ्या आजीला नातसून बघायची घाई. गेलं वर्षभर ते अर्ज घेऊन येत होते आणि काका अर्ज परत करत होते.

"दर वेळी सांगतात, मशीन घेत नाही, पुढं बघू," पोरे मला म्हणाले. "मशीनला माझ्या पोराचं काय वावडं आहे, ते तरी सांगा."

काका खाली मान घालून शिक्क्याची चाकं फिरवत बसले. त्यांनी एवढंच म्हटलं की मशीन जुनं आहे. पोरे गेल्यावर मी अर्ज वाचला. त्यात एक खोट नव्हती. म्हणजे काका मर्जीतल्यांची नावं घेत होते आणि बाकीच्यांना मशीनच्या नावाने वाटेला लावत होते. नवीन सिस्टीम आली की हा कारभार उघड्यावर येणार, म्हणून हा विरोध. खाई त्याला खवखवे. मला इतकं समाधान झालं की त्या संध्याकाळी मी आईला सगळं रंगवून सांगितलं. आई मुगाची डाळ निवडत होती. ती म्हणाली, गजाभाऊ तसे नाहीत गं. मी म्हटलं, तुला सगळेच चांगले वाटतात. तिने निवडलेली डाळ पुन्हा निवडायला घेतली.

शनिवारी शाळा साडेअकराला सुटली. काका दर शनिवारी बाराला पत्रं टाकायला पोस्टात जात आणि तिथून जेवायला घरी. माळवद्यांकडून मी दुसरी किल्ली आधीच मागून घेतली होती. बारा वाजून दहा मिनिटांनी मी खोली उघडली, आतून कडी लावली आणि मशीन सुरू केलं. चोरी पकडायला आलेली मी, आणि चोरपावलांनी वावरत होते मीच.

शिट्टी झाली. यंत्राने तारीख विचारली. मी भरली, पंधरा नोव्हेंबर दोन हजार चौदा. मग मंडळाचा प्रोग्रॅम उघडला. तो आमच्याच समाजातल्या एका इंजिनिअरने पूर्वी लिहून दिला होता आणि तो पुढे परदेशी निघून गेला, त्यामुळे त्यात काडीचाही बदल करणं कुणाला शक्य नव्हतं. पडद्यावर पहिली ओळ आली. मागील वापर, चौदा नोव्हेंबर दोन हजार बारा.

मी ती ओळ तीनदा वाचली. काल मी स्वतः इथे बसले होते, आणि यंत्राच्या हिशेबी कालला दोन वर्षं झाली होती. मी कोपऱ्यावरची चिंधी ओढून काढली. घड्याळ आता बरोबर दाखवत होतं, कारण मी ते बरोबर केलं होतं. सगळं डोक्यात लख्ख झालं. काका रोज सकाळी चुकीचं साल भरत होते. पोऱ्यांचा बावीस वर्षांचा मुलगा यंत्राला विसाचा दिसत होता आणि एकवीसच्या आतला मुलगा ते घेत नाही. पण कशासाठी? हे विचारेपर्यंत पडदा काळा झाला, आतली चकती करकरली आणि एक यादी वर सरकू लागली. वर लिहिलं होतं, वयोमर्यादेमुळे खालील नावे रद्द करण्यात आली आहेत.

त्रेचाळीस नावं होती. एक्केचाळीस बायका आणि दोन पुरुष. दोन वर्षं दाबून धरलेला नियम एका दमात लागू झाला होता, आणि तो मी लागू केला होता. एकेक नाव वाचताना मला चेहरे दिसू लागले. सरकारी दवाखान्यातल्या सिस्टर कोपर्डेकर. मलकापूरची शिवणक्लास चालवणारी वंदना अवसरे, तिचं तर उद्याच दुपारी कुणी बघायला येणार होतं. एकोणतिसावं नाव हेंद्रे उज्ज्वला रामचंद्र.

ते नाव माझं आहे हे कळायला मला वेळ लागला. रद्द झालेल्या नावाला पुन्हा रद्द कसं करतील, असा काहीतरी मूर्ख प्रश्न मनात आला. म्हणजे मी आजपर्यंत, या मिनिटापर्यंत, यादीत होते. नातेवाइकांनी सुचवलेली ती स्थळं सगळी इथून येत होती.

दारावर थाप पडली. मी कडी काढली. काका आज जेवायला न जाता उन्हातून परत आले होते, हातात रिकामी पिशवी. त्यांनी माझ्याकडे पाहिलं, पडद्याकडे पाहिलं, टेबलावर पडलेली चिंधी उचलून खिशात ठेवली आणि स्टुलावर बसले. ओरडतील असं वाटलं होतं, पण ओरडले नाहीत.

"किती गेली?" त्यांनी विचारलं.

"त्रेचाळीस."

"एवढी झाली व्हय," ते म्हणाले. "मी मोजली नव्हती."

मी म्हटलं, काका, हे तुम्ही कशासाठी केलंत? माझा आवाज बाई म्हणून चढवते तसा चढवायचा होता, पण तो चढला नाही. काकांनी पाण्याचा तांब्या तोंडाला लावला आणि मग सांगितलं.

सुरुवात चुकीने झाली होती. जानेवारी लागला की आपण सगळेच महिनाभर जुनं साल लिहितो. दोन हजार तेराच्या जानेवारीत काकांनीही रोज सकाळी तारीख भरताना सवयीने बाराच लिहिलं. त्या महिन्यात एकही नाव बाद झालं नाही, ते त्यांच्या लक्षातही आलं नाही. मग नऊ फेब्रुवारीला माझी आई आली. त्या दिवशी मला पस्तीस पूर्ण झाली होती. नाव गेलं असेल तर अर्ज परत द्या, असं ती म्हणाली. कशाला, तर घरात ठेवायला. त्या कागदावर माझ्या वडिलांचं अक्षर होतं. काकांनी मशीनमध्ये पाहिलं, तर नाव होतं तिथेच. तेव्हा त्यांना आपली चूक सापडली.

"मी म्हटलं, वहिनी, थांबा, चूक झालीय, दुरुस्त करतो आणि कागद देतो," काका म्हणाले. "तर त्या म्हणाल्या, भाऊ, दुरुस्त केलीच पाहिजे का?"

त्यांनी तांब्या खाली ठेवला.

"बाई, मी चाळीस वर्षं कपडे शिवले. पोरीचं झंपर शिवताना शिवणीच्या आत दोन बोटं कापड ठेवायचं. बाहेरून दिसत नाही. पण पुढं अंग भरलं, तर उसवून सोडता येतं. जो शिंपी आत कापड ठेवत नाही, त्याला आम्ही शिंपी म्हणत नाही. हा नियम ज्यांनी केला, त्यांनी आत काहीच ठेवलं नव्हतं. मी दोन बोटं ठेवली, एवढंच."

मी म्हटलं, पण लोकांची फसवणूक? ते म्हणाले, कशाची? छापील यादीत प्रत्येकीची खरी जन्मतारीख असते, सालासकट. ज्याला वाचायचं तो वाचतो, नको त्याने पुढे जावं. फसवलं ते फक्त मशीनला. हे खरं होतं, यादीत वय कधी छापत नसत. मग त्यांनी आपण होऊन कबूल केलं की पोऱ्यांच्या पोराचं मात्र त्यांनी वाईट केलं, आणि ते त्यांना रोज टोचत होतं. एकीकडे सोडलं की दुसरीकडे आवळतं, असं ते म्हणाले. नवी सिस्टीम तारीख स्वतःच आणते असं त्यांनी ऐकलं होतं. म्हणून त्यांना ती नको होती.

"मला एका शब्दाने सांगायचंत," मी म्हटलं.

"तुम्ही विचारलं कुठं? तुम्ही वहीत लिहीत होता."

मला लाज वाटली, आणि लाजेपेक्षा जास्त राग आला, आईचा. मी सुटले म्हणून मिरवत होते आणि ती गुपचूप इथे येऊन माझं नाव राखत होती. पण रागावायला वेळ नव्हता. वंदना अवसरेकडे येणारी मंडळी उद्या सकाळी इथून तिची माहिती घेऊन जाणार होती. मी विचारलं, ही नावं परत आणता येतात का? काकांनी सांगितलं की यंत्रातून गेलं ते गेलं, पण कागद सगळे आहेत. त्यांनी कोपऱ्यातली पत्र्याची पेटी ओढली. अर्ज पुन्हा पहिल्यापासून भरावे लागणार होते. आणि पस्तिशीपुढचा अर्ज यंत्र घेत नाही. म्हणजे आधी तारीख मागे न्यायला हवी.

काका उठून बाजूला झाले. मशीन बंद करून मी पुन्हा सुरू केलं. शिट्टी झाली. मी माझ्या बोटांनी दोन हजार बारा साल भरलं. अकरा वर्षं मुलांना शिकवत आले होते की कॉम्प्युटर खोटं बोलत नाही.

आम्ही संध्याकाळपर्यंत बसलो. काका अर्ज वाचत, मी टाईप करी. सर्वांत आधी वंदनाचा घेतला. मध्येच काकांनी घरी जाऊन आणलेली भाकरी दोघांनी खाल्ली. दिवेलागणीला काकांच्या घरून निरोप आला, तोवर तीस झाले होते. उरलेले तेरा रविवारी सकाळी सातला येऊन भरले. माझा अर्ज काकांनी पेटीच्या तळाशी ठेवला होता, तो शेवटी निघाला. तो त्यांनी वाचला नाही, माझ्या हातात दिला.

वडिलांचं ते उभं, पोस्टातलं अक्षर. अपेक्षांच्या रकान्यात त्यांनी लिहिलं होतं, निर्व्यसनी, कायम नोकरी, स्वतःचे घर, उंची साडेपाच फुटांवर. ते दोन हजार सहा साली गेले. त्यानंतर त्या रकान्यात आईच्या हाताच्या रेघा होत्या, प्रत्येक वेगळ्या शाईची आणि बाजूला बारीक तारीख. सात साली उंची खोडली होती. नऊ साली स्वतःचे घर. अकरा साली कायम नोकरी. पुढे निर्व्यसनी खोडून लिहिलं होतं, तंबाखू चालेल. म्हणजे ती दर दोन वर्षांनी इथे येऊन माझ्या आयुष्यातलं एकेक कमी करून गेली होती आणि घरी येऊन मला फक्त जेवायला वाढत होती. सगळ्यात खाली, नऊ फेब्रुवारीच्या तारखेला, एकच नवी ओळ होती. बोलणारा असावा.

मला रडू आलं. काकांनी खिडकीकडे तोंड केलं आणि म्हणाले की बाहेरची बाग वाळली आहे, पाणी घालायला हवं. बाहेर बाग नव्हती, सायकली होत्या.

मी डोळे पुसले आणि अर्ज भरला. आईची ओळ जशीच्या तशी घातली. मग काका म्हणाले की दहा वर्षांत या रकान्यात तुमचं स्वतःचं काही आलेलं नाही, एखादी ओळ तुमची घाला की. मी विचार केला आणि टाईप केलं, संशयी नसावा, घरात एक पुरे. काका खूप दिवसांनी हसताना दिसले.

अकरा वाजता बैठक झाली. नऊ जण सतरंजीवर, माळवदे लोडाला टेकून. विषय पहिलाच, सिस्टीम बदलावी की नाही. सगळे माझ्याकडे पाहू लागले. माझ्या पिशवीत ती वही होती, शिट्टीपासून पोऱ्यांपर्यंत सगळ्या टिपणांची. मी ती बाहेर काढली नाही. मी सांगितलं की नुसती सिस्टीम कशाला, मशीनच बदलावं आणि नवा प्रोग्रॅमही करून घ्यावा, पण त्यात पस्तीसची अट घालायची नसेल तरच.

माळवदे म्हणाले, सिस्टीमचा आणि अटीचा काय संबंध? पस्तिशीपुढचं मुलाकडचे वाचतच नाहीत, उगाच कागद खर्ची पडतो.

"वाचतात," मी म्हटलं. "दोन वर्षं वाचताहेत. यादीत सध्या पस्तिशीपुढच्या एक्केचाळीस मुली आहेत. कालपासून आज सकाळपर्यंत मी स्वतः त्यांचे अर्ज भरले. त्यातला एक माझा."

माळवद्यांना मी काय म्हणते ते नीट लागत नव्हतं. तेवढ्यात गजाकाका उभे राहिले, शाळेतल्या मुलासारखे हात बांधून, आणि म्हणाले की बाई मला झाकताहेत, साल मी चुकवत होतो, जानेवारी तेरापासून. माळवद्यांचा चेहरा लाल झाला. सोळा वर्षांचा विश्वास, नियमांची पायमल्ली, असं ते बरंच बोलले. मला वाटलं, काकांची खुर्ची गेली.

मग लचके वहिनी बोलल्या. कमिटीतल्या त्या एकट्या बाई, एरवी चहाचं बघत. त्यांनी विचारलं की आपल्या छत्तीस वर्षांच्या धाकट्या नणंदेच्या साखरपुड्याचं परवा साताऱ्यात ठरलं, ते स्थळ या यादीतूनच आलं ना? काकांनी मान हलवली. वहिनी म्हणाल्या, मग ते आता मोडायचं का, अध्यक्षांनी सांगावं.

अध्यक्षांनी सांगितलं नाही. अट काढण्यावर मतं घेतली तर चार एकीकडे, चार दुसरीकडे, आणि माळवदे स्वतः म्हणाले की विषय नाजूक आहे, पुढच्या सभेत घेऊ. पोऱ्यांच्या मुलाचं नाव तूर्त हाताने लिहून यादीला जोडावं, एवढं मात्र एकमताने ठरलं. पुढच्या सभेत तो विषय पुन्हा पुढच्या सभेत गेला. आमच्या मंडळात ठरलेल्या गोष्टींपेक्षा न ठरलेल्या गोष्टी जास्त टिकतात. गजाकाका आणखी तीन वर्षं त्या खुर्चीवर बसले आणि दर जानेवारीत बाराच साल लिहीत राहिले. ते गेल्यावर ती खुर्ची माझ्याकडे आली. शेवटी मशीनच बंद पडलं, आणि नवा प्रोग्रॅम करून घ्यायला पुण्याला मी गेले. पस्तीसची अट घालायची का, असं त्या माणसाने विचारलं. मी म्हटलं, तसं काही कमिटीत ठरलेलं नाही. हे अगदी खरं होतं.

पण मला आठवतं ते त्या रविवारचं जेवण. मी घरी पोचले तेव्हा एक वाजला होता. आईने ताट वाढलं आणि सहज विचारल्यासारखं विचारलं की काय झालं सिस्टीमचं. मी म्हटलं, बदलायची नाही, तूर्त. ती बरं म्हणाली, जरा जास्तच लवकर म्हणाली, आणि मीठ वाढायला वळली.

मी रस्ताभर भांडणाची तयारी करत आले होते. कुणाला विचारून रेघा मारल्यास, तंबाखू चालेल हे कुणी ठरवलं, असं सगळं. पण तोंडातून निघालं ते वेगळंच.

"आई, बोलणारा असावा असं का लिहिलंस?"

तिचा हात मिठाच्या वाटीत तसाच राहिला. मला कळलंय हे तिला कळलं. भिंतीवर वडिलांचा फोटो होता, त्याच्याकडे तिने पाहिलं. ते तीस वर्षं या घरात होते. त्यांनी कधी आवाज चढवला नाही, हे मी सगळ्यांना कौतुकाने सांगत आले होते. चढवायला आधी आवाज काढावा लागतो, हे मला त्या दिवसापर्यंत सुचलं नव्हतं.

"बाकीचं सगळं मला मिळालं होतं," आई म्हणाली, आणि तिने माझ्या ताटात भात वाढला.